कोटातली वारसाफेरी : दोन-अडीच तासांत वसाहतकालीन मुंबई कशी पाहावी

ब्रिटिश राजवटीत, मुख्यतः एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात आणि विसाव्या शतकाच्या पहिल्या तीन-चार दशकांत उभ्या राहिलेल्या इमारती, चौक, मैदाने, कारंजी आणि पुतळे यांना मिळून वसाहतकालीन वारसा म्हटले जाते. मुंबईच्या कोट भागात, म्हणजे ज्याला आज सर्रास ‘फोर्ट’ म्हणतात त्या भागात, हा वारसा इतका दाट आहे की छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसपासून गेटवे ऑफ इंडियापर्यंतच्या सुमारे अडीच किलोमीटरच्या पट्ट्यात थांबून पाहण्याजोगे काही दिसत नाही असा रस्ता शोधावा लागतो. अडचण येते ती नेमकी या दाटीमुळे. दिवसभराच्या बससहलीत वीस-पंचवीस इमारतींची नावे कानांवरून जातात आणि संध्याकाळी त्यांतील दोनही एकमेकींपासून वेगळ्या आठवत नाहीत. एका कुटुंबाने किंवा चार-सहा जणांच्या गटाने स्वतःपुरता गाइड ठरवून केलेली दोन-अडीच तासांची खासगी फेरी या दृष्टीने अधिक उपयोगी ठरते, कारण तिची गती, भाषा आणि थांबे पाहणाऱ्याच्या हाती राहतात. मात्र हा लाभ मिळण्यासाठी फेरीला एक सूत्र असावे लागते. मुंबईच्या बाबतीत सर्वांत फलदायी सूत्र तीन प्रश्नांचे आहे : ही वास्तू कोणाच्या पैशाने उभी राहिली, कोणाच्या हातांनी उभी राहिली, आणि उभी राहिल्यानंतर तिच्या आत कोणाला प्रवेश नव्हता. इमारतीची शैली आणि वास्तुकाराचे नाव कोणत्याही फलकावर वाचता येते. या तीन प्रश्नांची उत्तरे देण्यासाठी मात्र जाणकार माणूस लागतो, आणि गाइडला पैसे मोजायचे ते त्यासाठीच.

निघण्यापूर्वीची तयारी

गाइडचा पहिला अर्धा तास बहुधा शहराचा आरंभीचा इतिहास सांगण्यात जातो. तो वेळ वाचवायचा असेल तर काही ठळक गोष्टी आधीच माहीत असाव्यात. १५३४ मध्ये गुजरातच्या बहादूरशहाकडून पोर्तुगीजांकडे आलेली मुंबईची बेटे १६६१ च्या विवाहकराराने इंग्लंडचा राजा दुसरा चार्ल्स याला मिळाली आणि १६६८ मध्ये त्याने ती वार्षिक दहा पौंड भाड्याने ईस्ट इंडिया कंपनीला दिली. कंपनीने पुढे वखार, बंदर आणि वस्ती यांच्याभोवती तट बांधला व त्याला अपोलो गेट, चर्चगेट आणि बझारगेट असे तीन दरवाजे ठेवले. यांपैकी एकही दरवाजा आज उभा नाही, परंतु चर्चगेट हे नाव रोज लाखो प्रवासी उच्चारतात. तटाच्या आतही वस्ती विभागलेली होती : दक्षिणेकडे प्रामुख्याने युरोपीय, तर बझारगेटच्या बाजूला पारशी, वाणी आदी व्यापारी. १८०३ साली कोटात मोठी आग लागून वस्तीचा बराच भाग जळाला, आणि त्यानंतर तटाबाहेर तोफांच्या माऱ्यासाठी मोकळी ठेवलेली जमीन, म्हणजे ‘एस्प्लनेड’, अधिक रुंद करण्यात आली. ओव्हल, क्रॉस, आझाद आणि कूपरेज ही आजची चार मैदाने त्याच मोकळ्या जागेचे अवशेष आहेत. क्रिकेट आणि सभा यांच्यासाठी मुंबईकरांना प्रिय असलेली ही हिरवळ मुळात लष्करी गरजेतून मोकळी राहिली होती, आणि तिच्या पलीकडे गिरगाव, काळबादेवी, भुलेश्वर अशी ‘नेटिव्ह टाउन’ म्हणून ओळखली जाणारी देशी वस्ती वाढली, हे ध्यानात घेतले की कोटाचा नकाशा वेगळाच दिसू लागतो.

दुसरी महत्त्वाची गोष्ट कापसाची. १८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेत यादवी युद्ध चालू असल्याने लँकेशायरच्या गिरण्यांना तिथला कापूस मिळेनासा झाला, पश्चिम भारतातील कापसाचे भाव भडकले आणि मुंबईच्या व्यापाऱ्यांकडे अकल्पित पैसा आला. नेमक्या त्याच काळात, १८६२ मध्ये गव्हर्नर झालेल्या बार्टल फ्रिअर यांच्या कारकिर्दीत निरुपयोगी झालेला तट पाडण्यात आला, आणि मोकळ्या झालेल्या जागेवर सार्वजनिक इमारतींची आखणी झाली. १८६५ मध्ये युद्ध संपताच भाव कोसळले, समुद्रात भर घालण्यासाठी काढलेल्या कंपन्यांचे शेअर मातीमोल झाले आणि अनेक पेढ्या बुडाल्या. इमारतींच्या योजना मात्र मागे राहिल्या व पुढील दोन दशकांत पूर्ण झाल्या. कोटातील गॉथिक वैभव हे साम्राज्याच्या सुनियोजित दूरदृष्टीचे फळ आहे अशी समजूत पुष्कळ ठिकाणी आढळते, पण त्याचा पाया इतका अनपेक्षित आणि इतका अल्पजीवी होता.

वाचनाची आवड असणाऱ्यांनी गोविंद नारायण माडगावकर यांचे ‘मुंबईचे वर्णन’ चाळावे. १८६३ साली, म्हणजे तट पडत असतानाच्या काळात, प्रसिद्ध झालेले हे पुस्तक या शहरावरील मराठीतील पहिले सविस्तर लेखन मानले जाते. आचार्य आणि शिंगणे यांचा ‘मुंबईचा वृत्तांत’ १८८९ चा आहे, त्यामुळे दोन्ही पुस्तके मिळून पंचवीस वर्षांत शहर किती पालटले याची कल्पना येते. इंग्रजी चित्रमय ग्रंथांच्या तुलनेत ही पुस्तके रूक्ष वाटतील, परंतु देशी माणसाच्या नजरेतून पाहिलेली मुंबई त्यांतच आहे, आणि गाइडला विचारण्यासारखे प्रश्न त्यांतूनच अधिक सुचतात.

गाइडची पारख

केंद्रीय पर्यटन मंत्रालयाची मान्यता असलेल्या गाइडकडे ओळखपत्र असते आणि ते दाखवण्यास सांगण्यात काहीच गैर नाही. मान्यतेमुळे किमान प्रशिक्षणाची खात्री मिळते, व्यासंगाची मिळत नाही. उलट वास्तुरचना किंवा इतिहास शिकलेले, वारसा-संवर्धनाच्या संस्थांशी संबंधित असलेले आणि हौसेने फेऱ्या नेणारे अनेक जण या विषयात अधिक खोलवर गेलेले असतात. कोटातील बहुतेक फेरी सार्वजनिक रस्त्यांवरूनच होते, त्यामुळे निवड करताना ओळखपत्राइतकेच महत्त्व फोनवरील दहा मिनिटांच्या बोलण्याला द्यावे. त्या बोलण्यात मार्ग, थांबे आणि आत प्रवेश मिळणाऱ्या इमारती विचाराव्यात, मराठीतून फेरी शक्य आहे का हे स्पष्ट विचारावे (पर्यटकांकडून सहसा इंग्रजी वा हिंदीची मागणी असल्याने पुष्कळ गाइड मराठी येत असूनही आपणहून सुचवत नाहीत), आणि शेवटी एखाद्या प्रसिद्ध आख्यायिकेविषयी त्यांचे मत विचारावे.

ही शेवटची कसोटी चांगलीच उपयोगी पडते. मुंबईच्या टर्मिनसचा आराखडा मुळात मेलबर्नच्या फ्लिंडर्स स्ट्रीट स्थानकासाठी होता आणि कागदांची अदलाबदल झाली, ही गोष्ट वर्षानुवर्षे सांगितली जाते. मुंबईचे स्थानक १८८८ मध्ये पूर्ण झाले, तर फ्लिंडर्स स्ट्रीटच्या आराखड्यासाठीची स्पर्धा १८९९ ची आणि इमारत १९१० ची आहे, एवढे पाहिले की ती गोष्ट आपोआप गळून पडते. ताजमहाल हॉटेल उलट्या बाजूने बांधले गेल्याचे पाहून त्याच्या वास्तुकाराने जीव दिला, ही दुसरी कथा. मूळ आराखडा रावसाहेब सीताराम खंडेराव वैद्य आणि डी. एन. मिर्झा यांचा होता, आणि वैद्य यांच्या निधनानंतर डब्ल्यू. ए. चेम्बर्स यांनी काम पूर्ण करून १९०३ मध्ये हॉटेल सुरू झाले. त्या कथेत एका मराठी वास्तुकाराचे नाव पुसले जाते, हे तिचे खरे नुकसान आहे. काळा घोडा भागातल्या वॉटसन हॉटेलात प्रवेश नाकारल्यामुळे जमशेटजी टाटांनी ताज बांधले, ही तिसरी आख्यायिका अधिक लोकप्रिय असली तरी अनेक अभ्यासक ती शंकास्पद मानतात. चांगला गाइड अशा कथा सांगणारच नाही असे नाही, कारण त्यांनी फेरी रंगते. परंतु कथा कुठे संपते आणि कागदपत्रांचा आधार कुठे सुरू होतो, हे तो वेगळे करून सांगेल. ज्याला प्रत्येक दंतकथा खरीच वाटते त्याच्याबरोबर अडीच तास काढण्यापेक्षा पुस्तक हाती घेऊन एकट्याने फिरणे बरे.

मार्ग आणि थांबे

अडीच तासांत टर्मिनस ते गेटवे हा सगळा पट्टा बसवण्याचा मोह टाळावा. चालण्याचे अंतर फार नसले, तरी प्रत्येक ठिकाणी पाच मिनिटेच मिळतात आणि फेरी पुन्हा बससहलीसारखीच होते. पहिल्यांदा येणाऱ्यांसाठी हॉर्निमन सर्कलपासून सुरुवात करून हुतात्मा चौक, ओव्हल मैदान आणि काळा घोडा असा मार्ग सर्वांत अर्थपूर्ण आहे, कारण तो तटाच्या आतून बाहेर आणि अठराव्या शतकातून विसाव्यात जातो. टर्मिनस, महापालिका, टपाल कार्यालय आणि महात्मा फुले मंडई हा स्वतंत्र फेरीचा विषय समजावा.

हॉर्निमन सर्कल हे पूर्वीचे ‘बॉम्बे ग्रीन’, म्हणजे कोटाच्या मधोमधचे मोकळे मैदान. कापसाचे ढीग आणि कचरा यांनी भरलेल्या या जागेचे अर्धवर्तुळाकार, एकसारख्या दर्शनी भागांच्या इमारतींनी वेढलेल्या बागेत रूपांतर करण्याची कल्पना पोलिस आयुक्त चार्ल्स फोर्जेट यांची होती आणि १८७२ पर्यंत ती पुरी झाली. १८५७ च्या उठावाचे पडसाद मुंबईच्या पलटणींत उमटू पाहत असताना कट शोधून काढणारा अधिकारीही हाच फोर्जेट. त्या वर्षीच्या ऑक्टोबरात सय्यद हुसेन आणि मंगल गाडिया या दोन शिपायांना एस्प्लनेडवर तोफेच्या तोंडी देण्यात आले. बागेला आज ज्यांचे नाव आहे ते बेंजामिन हॉर्निमन इंग्रज असूनही ‘बॉम्बे क्रॉनिकल’चे संपादक म्हणून सरकारवर टीका केल्यामुळे १९१९ मध्ये हद्दपार झाले होते. बागेच्या पूर्वेस टाउन हॉलची रुंद पायऱ्यांची आणि डोरिक खांबांची इमारत आहे. ‘डोरिक’ म्हणजे प्राचीन ग्रीक मंदिरांतील सर्वांत साधा आणि भारदस्त स्तंभप्रकार, आणि त्यावर आधारलेल्या युरोपीय पद्धतीला नवअभिजात शैली म्हणतात. १८३३ मध्ये पूर्ण झालेल्या या वास्तूत १८०४ साली स्थापन झालेल्या संस्थेचा, म्हणजे आजच्या एशियाटिक सोसायटीचा, ग्रंथसंग्रह आहे. संस्थेचे सदस्यत्व आरंभीची कित्येक वर्षे भारतीयांना मिळत नव्हते, आणि आज त्याच वास्तूत जगन्नाथ शंकरशेट यांचा संगमरवरी पुतळा आहे. आत जाता आल्यास तो अवश्य पाहावा. पायऱ्यांवर बसून संध्याकाळ घालवणाऱ्या तरुणांची गर्दी हा या वास्तूचा सध्याचा सर्वांत जिवंत उपयोग म्हणता येईल.

तिथून दोन मिनिटांवरचे सेंट थॉमस कॅथेड्रल आतून पाहावे असे आहे, आणि कोटातील गाइड ते अनेकदा उगाचच वगळतात. जेराल्ड औंजियर यांच्या काळात सुरू झालेले त्याचे काम काही दशके रखडून १७१८ च्या नाताळात ते उपासनेसाठी खुले झाले. शहराबाहेर जाणाऱ्या रस्त्यांवरचे मैलाचे दगड याच चर्चपासूनचे अंतर दाखवत असत, आणि चर्चगेट हे नावही याच्याकडे येणाऱ्या दरवाजावरून पडले. आतील भिंतींवरची संगमरवरी स्मृतिशिल्पे म्हणजे कंपनी सरकारच्या आत्मप्रतिमेचा दस्तऐवज आहे. गव्हर्नर जोनाथन डंकन यांच्या स्मारकावर काठेवाड आणि बनारस इथली बालहत्या बंद केल्याचा गौरव कोरलेला आहे, तर आसपासच्या शिलालेखांत विशी-तिशीत ताप किंवा लढाईने गेलेले अधिकारी आणि त्यांची बायका-मुले भेटतात. राज्यकर्त्यांना आपण कसे आठवले जावे असे वाटत होते, हे इथे जितके उघड कळते तितके चौकातल्या पुतळ्यांवरूनही कळत नाही.

हुतात्मा चौकात थांबताना दोन स्मारकांना एकत्र पाहावे. फ्लोरा फाउंटन हे १८६४ चे कारंजे पाडलेल्या चर्चगेटच्या जागी उभे आहे. त्याची रचना रिचर्ड नॉर्मन शॉ यांची आणि शिल्पकाम जेम्स फॉर्साइथ यांचे, व माथ्यावर फ्लोरा ही फुलांची रोमन देवता. शेजारीच संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यातील हुतात्म्यांचे स्मारक आहे. २१ नोव्हेंबर १९५५ रोजी या परिसरात निघालेल्या मोर्चावर गोळीबार झाला आणि चौकाला पुढे हुतात्म्यांचे नाव मिळाले. परदेशी पर्यटकांच्या फेरीत हे स्मारक एका वाक्यात आटोपते. मराठी वाचकाने मात्र गाइडला इथे रेंगाळायला लावावे, कारण वसाहतकालीन जागेला स्वातंत्र्योत्तर राजकारणाने नवा अर्थ कसा दिला याचे इतके थेट उदाहरण कोटात दुसरे नाही.

ओव्हल मैदानाच्या कडेने जाताना पूर्वेकडे जुने सचिवालय, विद्यापीठाचे दीक्षान्त सभागृह, ग्रंथालय, राजाबाई टॉवर आणि उच्च न्यायालय अशी सलग रांग दिसते. या इमारती बांधल्या गेल्या तेव्हा त्यांच्यासमोर मैदान आणि त्यापलीकडे रेल्वेमार्ग सोडला तर थेट समुद्र होता. मैदानाच्या पश्चिमेच्या आर्ट डेको इमारती बॅकबे भागात समुद्रात भर घालून जमीन मिळवल्यानंतर, प्रामुख्याने १९३० च्या दशकात, आल्या. त्यामुळे मैदानाच्या मधोमध उभे राहिल्यास एका बाजूला व्हिक्टोरियन गॉथिक, म्हणजे मध्ययुगीन युरोपीय चर्चच्या टोकदार कमानी, उंच मनोरे आणि दगडी कोरीवकाम यांचे एकोणिसाव्या शतकातील पुनरुज्जीवन, आणि दुसऱ्या बाजूला आर्ट डेको, म्हणजे काँक्रीटच्या शक्यता ओळखून वळणदार सज्जे, आडव्या पट्ट्या आणि भौमितिक नक्षी वापरणारी यंत्रयुगाची शैली, अशा दोन मुंबई समोरासमोर दिसतात. पहिली सरकारने आणि धनाढ्य दात्यांनी उभारली, तर दुसरीत मध्यमवर्गीय भारतीय कुटुंबे फ्लॅट घेऊन राहू लागली. या दोहोंच्या ९४ इमारतींचा समूह २०१८ मध्ये युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत गेला. घारापुरी आणि टर्मिनस यांच्यानंतरचे ते मुंबईचे तिसरे स्थान.

राजाबाई टॉवरची उंची २८० फूट आहे आणि त्यासाठी देणगी देणारे प्रेमचंद रायचंद हे कापसाच्या तेजीतील सर्वांत मोठे सटोडिये होते. मनोऱ्याला त्यांच्या आईचे नाव आहे. आराखडा लंडनच्या जॉर्ज गिल्बर्ट स्कॉट यांचा, पण ते मुंबईत कधीही आले नाहीत, म्हणजे दगडात उतरलेले सारे काम इथल्या अभियंत्यांच्या आणि कारागिरांच्या निर्णयांवर अवलंबून राहिले. गाइडला प्रश्न विचारण्याची ही योग्य जागा. लंडनहून आलेल्या कागदाचे इमारतीत रूपांतर कोणी केले, याच्या उत्तरात मंचरजी मर्झबान यांच्यासारखे देशी अभियंते आणि १८५७ मध्ये स्थापन झालेल्या सर जे. जे. कलाशाळेचे विद्यार्थी यांची नावे येतात. उच्च न्यायालयाची इमारत जेम्स फुलर यांच्या आराखड्याप्रमाणे १८७८ मध्ये पूर्ण झाली. तिच्या एका खांबावर एका डोळ्यावर पट्टी बांधलेले, हाती तराजू धरलेले माकड कोरलेले आहे, आणि कंत्राटाच्या वादात हरलेल्या कारागिराने घेतलेला तो सूड असल्याची कथा गाइड हमखास सांगतो. माकड खरे आहे, कथेची मात्र हमी नाही. याच इमारतीत २२ जुलै १९०८ रोजी न्या. दावर यांनी लोकमान्य टिळकांना सहा वर्षे काळ्या पाण्याची शिक्षा सुनावली आणि त्यांची मंडालेला रवानगी झाली.

पुढे काळा घोडा परिसर लागतो. वॉटसन हॉटेलाचे, म्हणजे आजच्या एस्प्लनेड मॅन्शनचे, इंग्लंडमध्ये घडवलेले ओतीव लोखंडाचे सांगाडे जहाजाने आणून १८६० च्या दशकाच्या अखेरीस इथे जोडले गेले. ७ जुलै १८९६ रोजी ल्युमिएर बंधूंच्या चलतचित्रांचा भारतातील पहिला खेळ इथेच झाला. इमारतीची अवस्था दीर्घकाळ वाईट आहे, आणि वारसा जपण्याची अडचण समजून घ्यायची असेल तर नीटनेटक्या केलेल्या शेजारच्या वास्तूंपेक्षा हीच अधिक शिकवते. डेव्हिड ससून ग्रंथालय आणि केनेसेथ एलियाहू सिनेगॉग बगदादी ज्यू कुटुंबाच्या दातृत्वाची साक्ष देतात. या दातृत्वामागच्या धनाचा मोठा हिस्सा चीनशी चाललेल्या अफूच्या व्यापारातून आला, आणि तेच जमशेटजी जीजीभाईंच्याही बाबतीत खरे होते, हे गाइडने आपणहून सांगितले नाही तर विचारावे. शाळा, रुग्णालये, ग्रंथालये देणाऱ्या माणसांबद्दलचा आदर त्यामुळे कमी व्हावा असे नाही, परंतु हिशेबाची ही बाजू वगळून केलेली फेरी अर्धीच राहते.

वेळ उरल्यास छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालय बाहेरून पाहून गेटवेकडे जावे. ही दोन्ही कामे जॉर्ज विटेट यांची आहेत आणि इंडो-सारासेनिक शैलीत मोडतात, म्हणजे विजापूर, गुजरात वगैरे ठिकाणच्या इस्लामी आणि हिंदू वास्तुघटकांना युरोपीय आराखड्यावर बसवणारी पद्धत. १९११ मध्ये पाचवा जॉर्ज उतरला तेव्हा आजची कमान नव्हती, तात्पुरता मंडप होता. कमान १९२४ ची आहे, आणि २८ फेब्रुवारी १९४८ रोजी अखेरची ब्रिटिश तुकडी तिच्यातूनच परतली.

दगड ओळखण्याचा सराव मात्र वाटेतच करून घ्यावा. काळसर निळा दिसतो तो कुर्ल्याचा बेसाल्ट, पिवळसर तो मालाडचा दगड, आणि नाजूक कोरीवकाम जिथे दिसेल तिथे बहुधा पोरबंदरचा मऊ चुनखडक वापरलेला असतो. छताच्या कडेने बाहेर डोकावणारी प्राणिमुखे नुसती शोभेची नसून पावसाचे पाणी भिंतीपासून दूर फेकणाऱ्या पन्हळी आहेत. मुंबईच्या पावसात त्या गॉथिक लकबीला खरे काम मिळाले.

दिवस, वेळ, परवानग्या

रविवारी सकाळी सात ते साडेनऊ ही वेळ कोटासाठी सर्वोत्तम, कारण कार्यालये बंद असतात, रहदारी नसते आणि रस्त्याच्या मधोमध उभे राहून दर्शनी भाग पाहता येतात. तिची किंमत म्हणजे बहुतेक इमारती आतून बंद असतात. आतले पाहायचे असेल तर कामकाजाचा दिवस निवडावा, मात्र फुटपाथांवरील गर्दी गृहीत धरावी. रविवारी येताना लोकल वेळेवर मिळते, पण परतताना मेगाब्लॉक, म्हणजे दुरुस्तीसाठी काही मार्गांवरील गाड्या सकाळी उशिरापासून दुपारपर्यंत बंद ठेवण्याची रेल्वेची पद्धत, आडवा येतो. ठाणे, पनवेल किंवा विरारकडून येणाऱ्यांनी आदल्या दिवशी वेळापत्रक पाहून घ्यावे. ऑक्टोबर ते फेब्रुवारी हे महिने सोयीचे. मे महिन्यात नऊनंतर ऊन सोसवत नाही. पावसाळा सगळेच टाळायला सांगतात, परंतु ओल्या बेसाल्टचा रंग आणि वाहत्या पन्हळी त्याच दिवसांत दिसतात, त्यामुळे छत्री आणि न घसरणारी पादत्राणे असल्यास जुलैमधील एखादी उघडीप मुद्दाम निवडण्यासारखी असते.

उच्च न्यायालय, विद्यापीठ, महापालिका मुख्यालय या चालू कार्यालयांत मनात येईल तेव्हा शिरता येत नाही. काही ठिकाणी ठरावीक दिवशी मार्गदर्शित वारसाफेरी असते, काही ठिकाणी पूर्वपरवानगी लागते, आणि नियम बदलत राहतात. म्हणून ज्या इमारतीच्या आत नेण्याचे गाइडने कबूल केले असेल तिची परवानगी कोणाच्या नावाने आणि कधी काढली, हे विचारून घ्यावे व छायाचित्र असलेले ओळखपत्र जवळ ठेवावे. न्यायालयात छायाचित्रणास मनाई असते. नौदल गोदी आणि टांकसाळ यांच्या भिंतींकडे कॅमेरा वळवणेही टाळावे. गेटवेजवळ सामानाची तपासणी होते, त्यामुळे पाठीवर मोठी पिशवी नको. ज्येष्ठ नागरिक बरोबर असतील तर टाउन हॉलच्या पायऱ्या आणि कोटातील उंचसखल फुटपाथ यांचा अंदाज आधी द्यावा. मार्गावर स्वच्छतागृहे विरळ असल्याने संग्रहालय किंवा एखादे चांगले उपाहारगृह यांच्या आसपास मधला थांबा ठरवणे शहाणपणाचे.

पैशांची बोलणी आधी आणि लेखी स्वरूपात, साध्या संदेशातून का होईना, झालेली असावीत. खासगी फेरीचे शुल्क बहुधा गटाला मिळून असते, माणशी नव्हे. प्रवेशशुल्क, टॅक्सी, चहापाणी त्यात धरले आहे का, ठरलेल्या वेळेपेक्षा अर्धा तास जास्त लागल्यास काय, आणि पावसाने फेरी रद्द झाल्यास आगाऊ रक्कम परत मिळते की पुढची तारीख, हे चार मुद्दे स्पष्ट करावेत. फेरीच्या शेवटी ठरावीक दुकानात नेण्याचा आग्रह होत असेल तर नम्रपणे नकार द्यावा.

शेवटी, कोटातून हलवलेल्या पुतळ्यांविषयी. काळा घोडा हे नाव ज्या पुतळ्यावरून पडले तो सातव्या एडवर्डचा अश्वारूढ पुतळा १९६५ मध्ये इथून हलवला गेला; आज चौकात दिसतो तो २०१७ मध्ये बसवलेला स्वाराविना घोडा. मूळ पुतळा भायखळ्याच्या वीरमाता जिजाबाई भोसले उद्यानात, म्हणजे राणीच्या बागेत आहे, आणि लगतच्या डॉ. भाऊ दाजी लाड संग्रहालयाच्या आवारात त्या काळचे आणखी काही विस्थापित पुतळे आहेत. दामोदर चाफेकरांनी ज्याला डांबर फासले होते तो व्हिक्टोरिया राणीचा पुतळाही भायखळ्यालाच गेला. कोटातील रिकाम्या चौथऱ्यांविषयी कुतूहल निर्माण झालेल्यांनी हा भाग दुसऱ्या दिवशी, गाइडशिवाय, सावकाश पाहावा. मात्र उद्यान आणि संग्रहालय ही दोन्ही साधारणपणे बुधवारी बंद असतात.